शीटची जाडी नेमकी कशी मोजायची आणि लेझरच्या कामात ती कुठे नडते

प्रश्न थोडक्यात असा आहे. फायबर लेझर कटिंग मशीनवर ३ मिमीची एमएस (साधं स्टील) शीट कापली जाते, व्हर्नियर (सरकत्या जबड्याचं मोजायचं साधन) लावला की जाडी कधी २.८८ येते कधी ३.१०, काही शीटना खालून बर (कडेला राहिलेला धातूचा खरखरीत उंचवटा) राहते, टॅब-स्लॉटचे (एकाची जीभ दुसऱ्याच्या खाचेत बसते असे) पार्ट कधी हाताने बसतात कधी ठोकून बसवावे लागतात आणि बेंडचा अँगल लॉट बदलला की बदलतो. तर जाडी कशाने मोजावी, आणि मशीनमध्ये एवढा लेझर आहे तर मशीनच ती का मोजत नाही.

शेवटच्या प्रश्नापासून सुरू करतो कारण तिथे बऱ्याच जणांचा गैरसमज असतो. कटिंग हेड शीटच्या वर अंतर राखून चालतं ते लेझरने मोजून नाही, तिथे कपॅसिटिव्ह सेन्सर असतो. नोझल (हेडचं टोक, जिथून लेझर आणि गॅस बाहेर पडतात) आणि शीट या दोघांमधला कपॅसिटन्स (विद्युतभार साठवायची क्षमता) तो बघतो, नोझल जवळ गेलं की वाढतो, लांब गेलं की कमी होतो, आणि त्यावरून हेड साधारण अर्धा ते दीड मिमीचं अंतर कायम ठेवतं. म्हणजे मशीनला फक्त शीटची वरची बाजू कळते. खालची बाजू कुठे आहे हे त्याला शेवटपर्यंत माहीत नसतं, स्क्रीनवर जे ३.० दिसतं ते कोणीतरी कटिंग टेबल (जाडीप्रमाणे ठरवलेल्या सेटिंगचा तक्ता) निवडताना टाकलेलं असतं आणि मशीन त्यावर डोळे मिटून विश्वास ठेवतं. कोणी म्हणेल की मग बेडची उंची माहीत आहे त्यातून वजा करा, पण खालच्या पट्ट्या जळून खालीवर झालेल्या असतात, त्यांच्यावर वितळलेला माल साठलेला असतो, शीटला स्वतःचा बाक असतो, त्या सगळ्यात मिमीचा दहावा भाग शोधणं शक्यच नाही.

लेझरने जाडी मोजतात हे खरं आहे पण तो वेगळा लेझर आणि वेगळी मांडणी. शीटच्या वर एक आणि खाली एक असे दोन सेन्सर समोरासमोर बसवतात, प्रत्येक सेन्सर शीटवर छोटा ठिपका टाकतो आणि तिरक्या कोनातून तो ठिपका कुठे दिसतो त्यावरून अंतर काढतो, दोन्ही अंतरं सेन्सरमधल्या एकूण अंतरातून वजा केली की उरते ती जाडी. रोलिंग मिल, कॉइल स्लिटिंगच्या लाइनवर सी आकाराच्या फ्रेमवर हे असतं. पळत्या शीटला हात न लावता मोजता येतं हा त्याचा खरा फायदा. पण दोन्ही ठिपके अगदी एका रेषेत पाहिजेत, शीट तिरकी झाली तर जाडी जास्त दिसते (५ अंश तिरकी असेल तर ३.०० ची साधारण ३.०१ दिसेल, जास्त नाही पण ठिपके एका रेषेत नसतील तर चूक कितीतरी मोठी होते), आणि चकचकीत स्टेनलेसवर प्रकाश आरशासारखा एकाच दिशेला उडतो त्यामुळे रीडिंग नाचायला लागतं. असा सेन्सर वापरणार असाल तर रोलिंगच्या रेघांच्या दिशेने आणि मग शीट काटकोनात फिरवून असं दोनदा मोजून बघा, फरक आला तर आधी सेन्सरची बसवण्याची दिशा बदला. मिलमध्ये एक्स-रे किंवा अमेरिशियम-२४१ या किरणोत्सारी पदार्थाचे गेजही असतात, ते किरण किती शोषले गेले त्यावरून जाडी काढतात, म्हणून ग्रेड बदलला की त्यांचं कॅलिब्रेशनही बदलावं लागतं. कटिंग शॉपला यातलं काही लागत नाही.

तुम्हाला लागतो तो एक चांगला मायक्रोमीटर. व्हर्नियर नको, आणि का नको ते नीट सांगतो कारण तुमच्या २.८८ आणि ३.१० मधला बराचसा गोंधळ बहुतेक तिथूनच येतोय. व्हर्नियरमध्ये स्केल एका रेषेत आणि मोजायची वस्तू दुसऱ्या रेषेत असते, दोन्हीत अंतर आहे, त्यामुळे सरकता जबडा जरासा जरी तिरपा झाला, अंगठ्याने जरा जास्त दाबलं, तरी वाचन बदलतं. एर्न्स्ट अॅबे यांनी १८९० मध्ये हेच मांडलं होतं की स्केल आणि मोजायचं माप एकाच रेषेत ठेवा, मायक्रोमीटरमध्ये ते तसंच असतं. शिवाय जबड्याची टोकं काळाने झिजतात आणि शीट तर नेहमी टोकातच धरली जाते. व्हर्नियरचा लीस्ट काउंट (वाचता येणारं सगळ्यात लहान माप) ०.०२ लिहिलाय म्हणून तो ०.०२ पर्यंत खरा असं होत नाही, दोन माणसांच्या हातात ०.०५ चा फरक सहज पडतो.

मायक्रोमीटर ०.०१ वाला चालतो, डिजिटल ०.००१ वाला असेल तर उत्तम पण शीटसाठी तिसऱ्या आकड्याच्या मागे लागू नका. रॅचेट (टोकाची कटकट वाजणारी लहान मूठ) वापरा, नेहमी, थिंबल (फिरवायची मोठी नळी) धरून आवळू नका. रॅचेट असतोच यासाठी की दाब दर वेळी तेवढाच, म्हणजे साधारण ५ ते १० न्यूटन, पडावा. मोजायच्या आधी दोन्ही तोंडं स्वच्छ कागदावरून ओढून पुसा आणि झिरो बघा, आणि नुसता झिरो बघून थांबू नका, ३.०० मिमीची एक स्लिप गेज (अचूक जाडीचा ठोकळा) घेऊन त्यावर बघा, कारण झिरो बरोबर आणि ३ वर चुकीचं असं झिजलेल्या स्क्रूत होतं. एक गोष्ट विसरू नका, साध्या मायक्रोमीटरची फ्रेम लहान असते, ती शीटच्या कडेपासून दोन-तीन सेंटीमीटरच आत पोचते, आणि नेमकं तिथे मोजायचंच नसतं.

आता हा मुद्दा जरा सविस्तर, कारण कशाने मोजलं यापेक्षा कुठे मोजलं याने जास्त फरक पडतो. कॉइल रोल होताना रोल्स भाराखाली किंचित वाकतात, त्यामुळे पट्टी मधे जाड आणि कडांकडे पातळ निघते आणि अगदी कडेच्या शेवटच्या भागात जाडी आणखी झपकन पडते. म्हणून जाडीची टॉलरन्स तपासायची तर कडेपासून साधारण ४० मिमी आत मोजायचं. त्याच शीटची शिअरने कापलेली कड घेतली तर एका बाजूला माल दबलेला असतो आणि दुसऱ्या बाजूला बर उभी असते, म्हणजे एकाच शीटवर कडेला पातळ, बर वर जाड आणि मधे तिसरंच. लेझरने कापलेल्या पार्टच्या कडेवर तर अजिबात मोजू नका, खालच्या बाजूला ड्रॉसचे (वितळून गोठलेल्या मालाचे) बारीक मणी चिकटलेले असतात, नखाला लागत नाहीत पण मायक्रोमीटरला लागतात. खोल फ्रेमचा मायक्रोमीटर मिळाला तर फार बरं, नाहीतर शीट कापताना उरलेल्या सांगाड्यातून मधल्या भागाचा एक तुकडा काढा, कडा फाइलने साफ करा आणि तुकड्याच्या मधोमध मोजा. प्रत्येक लॉटची एक शीट, रुंदीत तीन ठिकाणी, दोन्ही कडांच्या जरा आत आणि मधे. आकडे मार्करने शीटवरच लिहा, हीट नंबरसोबत (मिलने स्टीलच्या त्या ओतणीला दिलेला नंबर), वहीत लिहिलेला आकडा प्रोग्रॅम करणाऱ्यापर्यंत पोचत नाही असा माझा अनुभव आहे.

मोजण्याआधी शीटवर काय आहे तेही बघा. स्टेनलेसवरची प्रोटेक्शन फिल्म ५० ते १०० मायक्रॉनची असते, ती काढून मोजा. जीआयवर (जस्त चढवलेल्या शीटवर) झेड २७५ लिहिलं असेल तर दोन्ही बाजू मिळून दर चौरस मीटरला २७५ ग्रॅम जस्त आहे, म्हणजे एका बाजूला साधारण २० मायक्रॉन, दोन्ही मिळून ४० च्या आसपास. जीआयची जाडी जस्तासकट धरली जाते, पण वेल्डिंग आणि मजबुतीचा हिशोब करताना आतलं लोखंड मोजायचं हे लक्षात ठेवा. हॉट रोल्ड काळ्या शीटवर स्केल (ऑक्साइडचा थर) असतो, तो कुठे सुटलेला कुठे चिकटलेला, त्यामुळे शेजारच्या दोन जागी फरक दिसू शकतो. तेलामुळे दोन पातळ शीट एकमेकींना चिकटून येतात तेही मोजतानाच पकडलं जातं, १ मिमीची शीट २ दाखवत असेल तर मायक्रोमीटरवर संशय घेण्याआधी कड नखाने उचलून बघा.

तापमानाची काळजी बरेच जण नको तिथे करतात. स्टील दर अंशाला मीटरमागे साधारण साडेअकरा मायक्रॉन वाढतं, म्हणजे ३ मिमी जाडीवर ३० अंशांचा फरक असला तरी एक मायक्रॉनच, सोडून द्या. पण त्याच ३० अंशाने एक मीटर लांबीचा पार्ट ०.३४ मिमीने वाढतो, म्हणून नुकता कापलेला गरम पार्ट लांबीला मोजून ऑफसेट (कटची रेषा बाजूला सरकवायचं माप) बदलू नका. मापं २० अंशाला धरायची असा जगभरचा नियम आहे, निदान पार्ट खोलीच्या तापमानाला येऊ द्या.

मग शीट ३ मिमी लिहून २.९ का येते, तर ३ हे तिचं नाव आहे आणि त्याला दोन्ही बाजूंनी टॉलरन्स असते. कोल्ड रोल्डला कमी, हॉट रोल्डला जास्त, ३ मिमीच्या हॉट रोल्ड शीटला स्टँडर्डनुसारच दोन दशांश मिमीच्या आसपास वरखाली चालतं, रुंदी वाढली की आणखी थोडं. म्हणजे २.८८ ही नियमात बसणारी शीट आहे, सप्लायरशी भांडण्यात अर्थ नाही. तुम्हाला घट्ट टॉलरन्स हवी असेल तर ती ऑर्डरमध्येच लिहावी लागते. आणि गेजमध्ये (जाडीच्या क्रमांकात) ऑर्डर तर कधीच देऊ नका, हे कळकळीने सांगतो. १६ गेज म्हटलं तर अमेरिकन पद्धतीत साध्या स्टीलला १.५२ मिमी, स्टेनलेसला १.५९, गॅल्व्हनाइज्डला १.६१, अॅल्युमिनियमला १.२९, आणि ब्रिटिश एसडब्ल्यूजी (स्टँडर्ड वायर गेज) असेल तर १.६३. एकाच आकड्याच्या पाच जाड्या. मिमीत लिहा, टॉलरन्ससकट लिहा.

आता बर. इथे माझं मत जरा वेगळं आहे, ३ मिमीच्या शीटमध्ये एक दशांश इकडेतिकडे झाल्यामुळे बर येत नाही. तीन टक्क्यांचा फरक आहे तो, कोणत्याही ठीकठाक कटिंग टेबलमध्ये तेवढी जागा असते, आणि फोकस (लेझर सगळ्यात बारीक होतो ती जागा) वरच्या पृष्ठभागापासून मोजला जातो त्यामुळे जाडीतला ०.१ चा फरक त्याला फारसा जाणवतही नाही. मशीनच्या क्षमतेच्या टोकाला जाऊन जाड प्लेट कापत असाल तर गोष्ट वेगळी, तिथे थोड्याशा जाडीनेही कट अडकतो, किंवा मग चुकून २.५ ची शीट ३ म्हणून लागली असेल तर. नाहीतर आधी बर कुठे आहे ते बघा. पार्टच्या एकाच बाजूला असेल, म्हणजे एका दिशेने कापताना येते आणि उलट दिशेने नाही, तर बीम नोझलच्या मध्यातून जात नाहीये, नोझलच्या तोंडावर टेप लावून कमी पॉवरचा एक शॉट मारा आणि भोक मधोमध आहे का बघा, तसंच नोझलचं भोक गोल राहिलंय का तेही बघा. सगळीकडून सारखी असेल तर फोकस, स्पीड किंवा गॅस. दिवसभरात हळूहळू वाढत जात असेल तर प्रोटेक्टिव्ह ग्लास (लेन्सखालची संरक्षक काच) काढून उजेडात धरा, त्यावर डाग पडला की तो तापतो आणि फोकस सरकतो. ऑक्सिजनने एमएस कापताना दाब कमी असतो, अर्धा ते एक बारच्या आसपास, कारण तिथे लोखंडच जळून उष्णता देतं आणि म्हणूनच ऑक्सिजनची शुद्धता जरा घसरली तरी कट बिघडतो. नायट्रोजनने कापताना उलट, गॅस जळायला मदत करत नाही, वितळलेला माल खाली ढकलून बाहेर काढतो, त्यामुळे दहा-वीस बार लागतात आणि फोकस शीटच्या आत खाली न्यावा लागतो. आणि काही शीटना बर, काहींना नाही, हे जर लॉटप्रमाणे बदलत असेल तर स्केल, गंज आणि स्टीलमधला सिलिकॉन बघा, पिकल्ड-ऑइल्ड शीट (आम्लाने स्केल काढून तेल लावलेली) आणि काळी शीट एकाच सेटिंगवर सारखी कापली जात नाही, दोघींची जाडी शंभराव्या भागापर्यंत जुळली तरी.

जाडी खरी नडते ती पुढे, बेंडिंगला आणि असेंब्लीला. एअर बेंडिंगमध्ये (शीट डायच्या तळाला न टेकवता वाकवतात) पंच, म्हणजे वरून दाबणारं टूल, ठरावीक खोलीपर्यंत जातो, शीट ०.१ ने पातळ असेल तर पंच तिला ०.१ ने कमी दाबतो. १६ मिमीच्या व्ही डायवर ९० अंशांच्या बेंडला साध्या त्रिकोणमितीने हिशोब केला तर एवढ्याने अँगल पाऊण अंशाच्या आसपास उघडतो. त्यात शीट जरा कडक असेल तर स्प्रिंगबॅक (दाब काढल्यावर बेंड परत उघडणं) वेगळा मिळतो, रोलिंगच्या दिशेने बेंड आणि आडवा बेंड यातही फरक पडतो. पण सुरुवात जाडीपासून होते, म्हणून शीटवर लिहिलेला तो मोजलेला आकडा प्रेस ब्रेकच्या (बेंडिंग मशीनच्या) कंट्रोलमध्ये टाका, ३.० नका टाकू. काही प्रेस ब्रेक पंच शीटला टेकतो तेव्हा स्वतःच जाडी ओळखतात किंवा अँगल मोजून दुरुस्त करतात, तशी मशीन असेल तर हा त्रास बराच कमी होतो. फ्लॅट पॅटर्नही (वाकवण्याआधीचा सपाट आकार) जाडीवरच अवलंबून असतो, एका बेंडला फरक कळत नाही पण सहा-सात बेंडच्या पार्टमध्ये तो साठत जातो आणि शेवटची भोकं जुळत नाहीत.

दोन पर्यायी पद्धतींबद्दलही विचारतात म्हणून सांगून टाकतो. वजन करून जाडी काढता येते आणि ही पद्धत मला आवडते कारण ती पूर्ण शीटची सरासरी देते. १२५० बाय २५०० ची ३ मिमी शीट, घनता ७.८५ धरली तर ७३.६ किलो. काट्यावर ७१.१ आली तर सरासरी जाडी २.९०. पण लांबी-रुंदी टेपने नीट मोजा, शीट बऱ्याचदा काही मिमीने मोठी येते, १२५५ बाय २५१० असली तर तेवढ्यानेच जाडीत अडीच शतांशाची चूक होते. स्टेनलेस ३०४ ला घनता ७.९ च्या पुढे आणि अॅल्युमिनियमला २.७ धरायची.

दुसरी अल्ट्रासॉनिक. पाइप, टाकी, बंद बॉक्स असं काही, जिथे मागच्या बाजूला हातच पोचत नाही, तिथे ती खरी उपयोगाची आहे. आवाजाची लाट जाऊन परत यायला लागलेला वेळ गुणिले वेग भागिले दोन, एवढं साधं. पण वेग धातूप्रमाणे बदलतो, स्टीलला साधारण ५९२० मीटर प्रति सेकंद, अॅल्युमिनियमला ६३२०, म्हणून स्टीलच्या सेटिंगवर ३ मिमीचं अॅल्युमिनियम मोजलं तर २.८१ दाखवेल आणि तुम्ही माल कमी आला म्हणून परत पाठवाल. मिमीच्या खालच्या पातळ शीटवर साधा प्रोब दुसरा प्रतिध्वनी पकडून दुप्पट जाडी दाखवू शकतो, ०.८ चं १.६. जेल लावायचं, त्याच ग्रेडच्या ओळखीच्या जाडीच्या तुकड्यावर वेग सेट करायचा, मग मोजायचं. सपाट शीटची कड उघडी असताना अल्ट्रासॉनिक वापरायचं काही कारण नाही, मायक्रोमीटर त्याच्यापेक्षा स्वस्त आणि जास्त भरवशाचा आहे.

राहिला टॅब-स्लॉट, तुमचा सगळ्यात जास्त वेळ तिथेच जातोय असं दिसतंय. टॅबची जाडी म्हणजे शीटची जाडी, ती तुमच्या हातात नाही, स्लॉटची रुंदी आहे. ड्रॉइंगमध्ये स्लॉट ३.० काढला आणि शीट ३.१० आली तर तो बसणारच नाही, उलट सगळे स्लॉट ३.४ केले तर २.८८ वाली शीट सैल हलेल आणि वेल्डिंगला वाकडी धरली जाईल. कट वरून खाली अगदी सरळही नसतो, थोडा टेपर (तिरकेपणा) असतोच, शिवाय कर्फचा (कटच्या रुंदीचा) ऑफसेट किती टाकलाय त्यावर स्लॉट लहानमोठा होतो. हे सगळं कागदावर मांडत बसण्यापेक्षा त्याच लॉटच्या शीटमधून एक कंगवा कापा, स्लॉट ३.०० पासून ३.४० पर्यंत ०.०५ च्या फरकाने, प्रत्येकाच्या शेजारी आकडा कोरून. मग त्याच शीटचा तुकडा, कड साफ करून, एकेका स्लॉटमध्ये घालून बघा. जो हाताने दाबून जातो आणि सोडल्यावर पडत नाही तो तुमच्या या शीटचा, या नोझलचा आणि या गॅसचा बरोबर स्लॉट, त्यात जाडी, टेपर, कर्फ सगळं आलं. तो आकडा नेस्टिंगला (शीटवर पार्ट मांडायच्या प्रोग्रॅमला) टाका. लॉट बदलला, किंवा ऑक्सिजनवरून नायट्रोजनवर गेलात, तर कंगवा नवीन कापा, शीटच्या कोपऱ्यात उरलेल्या जागेत बसतो तो.